पावसाळ्याचे चार महिने



या खेपेला लोणच्यांच्या आणि शिवणाच्या चौकश्या जरा बाजूला ठेवते आणि एकाच पत्राला सविस्तर उत्तर देते. पत्र आहे श्रीरामपूरकडच्या एका ताईंचं. पण ते वाचल्यावर वाटलं, की हा प्रश्न काही त्यांच्या एकटीच्या घरातला नाही.

ताई लिहितात, "मुलगा बी.कॉम.च्या शेवटच्या वर्षाला आहे. लहानपणापासून ढोलकी वाजवतो. आता कॉलेजातल्या चार मुलांनी मिळून बँड काढलाय. गिटार, ड्रम, कीबोर्ड आणि मध्ये ह्याची ढोलकी. गोंधळ, भारूड, ओव्या अशी जुनीच गाणी नव्या थाटात वाजवतात. परीक्षा झाली की हेच करणार म्हणतो. हे म्हणतात, 'ढोलकीवर पोट भरायचं तर तमाशातच जा ना सरळ!' धाकटीचं लग्न करायचंय, पाहुणे काय म्हणतील ही मला धास्ती. मुलगा म्हणतो, 'आई, आयर्लंड-स्कॉटलंडात बघ, केल्टिक बँड लोकगीतांवर जगभर फिरतात.' हे केल्टिक काय असतं ते तुम्हीच सांगा आणि मी काय करू तेही सांगा."

आधी केल्टिक म्हणजे काय ते बघू. आयर्लंड, स्कॉटलंड, वेल्स, फ्रान्समधला ब्रिटनी प्रांत, या भागांतल्या जुन्या भाषा एका कुळातल्या. त्या कुळाचं नाव केल्टिक. तिथलं लोकसंगीत फिडल, बॅगपाइप, अकॉर्डियन, पत्र्याची छोटी बासरी यांवर चालत आलेलं. इंग्रजीच्या रेट्यापुढे तिथल्या गावच्या भाषा मागे पडल्या, गाणी म्हाताऱ्या माणसांपुरती उरली. मग 1970 च्या आसपास काही तरुण मुलांनी ती गाणी उचलली आणि इलेक्ट्रिक गिटार नि ड्रमच्या साथीने वाजवायला सुरुवात केली. डब्लिनमध्ये 'हॉर्सलिप्स' नावाचा बँड निघाला, तो एका जाहिरात कंपनीत नोकरी करणाऱ्या मुलांच्या गप्पांतून. स्कॉटलंडच्या स्काय बेटावर 1973 साली 'रनरिग' निघाला.

ह्या रनरिगची गोष्ट ताईंच्या मुलाला जरूर सांगावी, आणि वडिलांनाही. सुरुवातीला हा काही जगभर फिरणारा बँड नव्हता. तो गावच्या नाचगाण्याच्या समारंभांतून वाजवणारा ताफा होता, आपल्याकडे वरातीला वाजवतात तसाच म्हणा ना! रोरी आणि कॅलम मॅकडोनल्ड हे दोघे भाऊ गाणी रचत, त्यातली कितीतरी गेलिक ह्या आपल्या मायबोलीत. गायक डॉनी मन्रो हा मुळात चित्रकलेचा शिक्षक. पुढे त्यांनी स्वतःची रेकॉर्ड कंपनी काढली. 1997 साली मन्रो निवडणुकीला उभा राहिला, हरला, आणि त्याच वर्षी बँडमधूनही बाहेर पडला. त्याच्या जागी कॅनडाचा ब्रूस गथ्रो आला. कीबोर्ड वाजवणारा पीट विशार्ट 2001 साली खासदारच झाला. माणसं आली, गेली, पण बँड चालत राहिला आणि 2018 साली स्टर्लिंग गावी शेवटचा कार्यक्रम करून मानाने थांबला. एकंदर 45 वर्षं. आपल्याकडे सरकारी नोकरीतही इतकी वर्षं भरत नाहीत!

पण ताई, एवढ्या लांब जायची तरी काय गरज? लोकसंगीताच्या ताफ्यावर आयुष्य काढायचं म्हणजे काय, हे बघायला आपला जिल्हाच पुरेसा आहे. कागदोपत्री 2024 पासून तो अहिल्यानगर झाला, बोलताना आपण अजून 'नगर'च म्हणतो. ह्या जिल्ह्यात संगमनेर नावाचं गाव आहे, आणि ह्या बाबतीत त्या गावाचं पुण्य मोठं.

पेशवाईतले शाहीर अनंत फंदी संगमनेरचे. 1744 सालचा जन्म, 1819 साली गेले. त्यांच्याबद्दल एक गोष्ट सांगतात, की अहिल्याबाई होळकरांनी त्यांना तमाशा सोडून कीर्तनाकडे वळायला सांगितलं आणि ते कीर्तनकार झाले. अहिल्याबाईही आपल्याच जिल्ह्यातल्या, जामखेड तालुक्यातल्या चोंडीच्या. म्हणजे बघा, गुणी माणसाने तमाशात राहावं का, हा वाद अडीचशे वर्षांचा जुना आहे. ताईंच्या यजमानांनी तो काही नव्याने काढलेला नाही.

त्याच संगमनेर तालुक्यातल्या हिवरगाव पावसा गावच्या पवळाबाई. तमाशाच्या बोर्डावर उभ्या राहिलेल्या पहिल्या स्त्रियांत त्यांचं नाव घेतात. पठ्ठे बापूरावांच्या लावण्या आणि पवळाबाईंची अदा यांनी त्या काळी महाराष्ट्र वेडा केला होता. बापूराव म्हणजे श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी, रेठरे हरणाक्षचे ब्राह्मण. पवळाबाई महार समाजातल्या. लोकांनी दोघांनाही नावं ठेवायचं काही बाकी ठेवलं नाही. इथे एक गोष्ट स्पष्ट लिहिते, राग मानू नका. तमाशाला आपण नाकं मुरडतो त्यात गाण्याचा दोष थोडा आणि जातीचा तिरस्कार फार. ढोलकी, हलगी, तुणतुणं पिढ्यान् पिढ्या ज्यांनी सांभाळलं ती माणसं महार, मांग, कोल्हाटी समाजांतली. तीच गवळण सिनेमात आली की आपण मुलींना गॅदरिंगमध्ये बसवून देतो. खरं ना? मग 'पाहुणे काय म्हणतील' ह्या धास्तीतली निम्मी तरी धास्ती आपण टाकून द्यायला हवी.

पण उरलेली निम्मी खरी आहे, आणि ती पैशाची आहे. पठ्ठे बापूराव 1945 साली गेले, तेव्हाचे त्यांचे अखेरचे दिवस हलाखीचे होते. नारायणगावच्या विठाबाईंना 1957 आणि 1990 असं दोनदा राष्ट्रपतींच्या हस्ते गौरवलं गेलं. तरी 2002 साली गेल्या त्या आजारपणात त्यांच्या घरी पैशाची चणचणच होती. कला थोर, नाव मोठं, आणि घरात चूल पेटायची पंचाईत. असं का होतं?

याचं एक कारण धंद्याच्या रीतीत आहे. ढोलकी-फडाचा तमाशा दसऱ्याला सुरू होतो. चैत्र-वैशाखात गावोगावच्या जत्रा असतात, तेव्हा ऐन सुगी. गुढीपाडव्याच्या सुमारास नारायणगावला फडांच्या राहुट्या लागतात. गावकरी येतात, सौदा ठरतो, सुपारी दिली जाते. एरवी तंबू ठोकून तिकिटावर खेळ. एकदा पाऊस सुरू झाला की सगळं बंद. ना जत्रा, ना तंबू. कलावंत मंडळी घरी. त्या चार महिन्यांत खायचं काय? मग फडमालकाकडून पुढच्या हंगामाची उचल घ्यायची. मालक तरी कुठून देणार? तो सावकाराकडून काढतो. दसऱ्याला फड उभा राहतो तो आधीच कर्ज डोक्यावर घेऊन. म्हणजे आठ महिने मेहनत करायची, ती गेल्या पावसाळ्यात खाल्लेलं फेडण्यासाठी.

हे वाचून तुम्हांला फार परकं वाटलं का? मला नाही वाटलं. मी शाळेत तासिकेवर शिकवते. जितके तास, तितके पैसे. दिवाळीच्या सुट्टीत आणि मे महिन्यात एक पैसा हाती येत नाही. आणि नेमक्या त्याच महिन्यांत घरात पाहुणे, लग्नकार्यं, पुढल्या वर्षाची पुस्तकं! शेतकऱ्याच्या घरी तेच, वीटभट्टीवर तेच, आणि साखर कारखान्यावर हंगामी कामगार असेल तर तिथेही तेच. हंगामी कमाईचं घर कसं चालवायचं हे आपण बायका जितकं जाणतो तितकं कोणताही बँडवाला जाणत नसेल.

म्हणून कांताबाई सातारकरांची आठवण इथे मुद्दाम काढते. त्यांचा जन्म 1939 सालचा, गुजरातमधला. वाढल्या साताऱ्यात, म्हणून सातारकर. लहान वयात बोर्डावर उभ्या राहिल्या. पुढे तुकाराम खेडकरांच्या नामांकित फडात आल्या, त्यांच्याशीच संसार मांडला. दोघांची जोडी गाजली. 1964 साली तुकाराम खेडकर गेले. कांताबाईंचं वय पंचविशीचं, पदरात लहान मुलं. तुम्ही-आम्ही कुणीही अशा वेळी माहेरची वाट धरली असती. कांताबाईंनी त्या दिवसांत हाल सोसले, पण काम सोडलं नाही, आणि साठीच्या दशकाच्या अखेरीला स्वतःचा फड उभा केला. बिऱ्हाड संगमनेरला.

फड म्हणजे काय चीज आहे, हे जरा डोळ्यांपुढे आणा. मोठ्या फडात शंभरेक माणसं. नाचणाऱ्या, गाणारे, ढोलकीवाले, सोंगाडे, तंबू ठोकणारे, आचारी, ट्रकचे ड्रायव्हर. रोज नवं गाव. रोज शंभर माणसांचा स्वयंपाक, कुणाचं दुखणंखुपणं, कुणाचं भांडण, कुणाचं तान्हं मूल. रात्री खेळ आणि पहाटे बांधाबांध. 'रात्र थोडी सोंगं फार' म्हणतो ना आपण, ते इथे अक्षरशः खरं. आणि हे सगळं सांभाळून कांताबाई स्वतः बोर्डावर उभ्या राहायच्या. लावणी करायच्याच, पण वगात पुरुषांच्या भूमिकाही अशा करायच्या की पुढे बसलेल्यांनी नाव काढावं.

मुलगा रघुवीर त्याच फडात वाढला, नावाजलेला सोंगाडी झाला. फडाच्या पाटीवर आई आणि लेक दोघांचं नाव लागलं. काळ बदलला तशी ढोलकी-हलगीच्या जोडीला ऑर्गन आला, ऑक्टोपॅड आला, सिनेमाची गाणी आली. जुन्या जाणत्यांना ते आवडलं नाही, पण लोकांना हवं ते दिल्याशिवाय तंबू भरत नाही. गण, गवळण, बतावणी, वग हा जुना सांगाडा ठेवून वरचा साज बदलायचा. रनरिगवाल्यांनी तरी दुसरं काय केलं? मला विचाराल तर ताईंच्या लेकाच्या ढोलकी-गिटारचे खरे पूर्वज इथेच आहेत.

राज्य सरकारने विठाबाईंच्या नावाने जीवनगौरव पुरस्कार सुरू केला, त्याचा पहिला मान कांताबाईंना मिळाला. 2020 आणि 2021 अशी लागोपाठ दोन वर्षं कोरोनामुळे चैत्रातल्या जत्रा बंद होत्या. फड बसून होते. पावसाळ्याचे चार महिने कसे काढायचे ही विवंचना असणाऱ्यांवर सबंध वर्षं काढायची वेळ आली. त्याच साथीत 25 मे 2021 रोजी कांताबाई संगमनेरला गेल्या. आणि 2026 साली रघुवीर खेडकरांना पद्मश्री जाहीर झाली. ज्या फडाला लोक नावं ठेवत आले, त्या फडातल्या लेकाला! आई बघायला नव्हती, एवढंच.

तर ताई, आता तुमच्या प्रश्नाकडे वळते. मुलाला बँडमध्ये जाऊ द्यावं का? माझं मत, 'हो' किंवा 'नाही' म्हणण्याआधी त्याला समोर बसवा आणि एकच विचारा, "बाळा, पावसाळ्याचे चार महिने तू काय करणार?" त्याला उत्तर देता आलं तर तो धंदा करतोय. नाही देता आलं तर तो अजून हौस करतोय. हौस वाईट नाही हं, पण तिच्यावर घर चालत नाही. उत्तर शोधायला त्याला मदत करता येईल ती अशी:

पहिलं, परीक्षा पुरी द्यायची. ह्यात तडजोड नाही. बी.कॉम. झालेला पोरगा ताफ्यात असणं म्हणजे हिशेबनीस घरचा. बँड मोडतात ते सुरांवरून कमी आणि पैशावरून जास्त.

दुसरं, कमाई बाराने भागायची. समजा दसरा ते वैशाख या आठ महिन्यांत लग्नं, गणपतीनंतरचे कार्यक्रम, जत्रा, कॉलेजांची स्नेहसंमेलनं मिळून त्याच्या वाट्याला 1,20,000 रुपये आले. आठाने भागले तर महिना 15,000 दिसतात आणि डोळे दिपतात. बाराने भागा, 10,000 होतात. तेवढेच त्याचे. वरचे 5,000 दर महिन्याला पोस्टात किंवा बँकेत निराळ्या खात्यावर टाकायचे आणि ज्येष्ठ उजाडेपर्यंत त्या खात्याकडे ढुंकून बघायचं नाही. मी स्वतः तासिकेच्या पैशांचं हेच करते. सुरुवातीला जड जातं, दुसऱ्या वर्षापासून मे महिना अंगावर येत नाही.

तिसरं, उचल घेऊन वाद्यं घ्यायची नाहीत. मोठा स्पीकर, नवा कीबोर्ड हप्त्यावर घ्यायचा मोह होतो. पहिलं वर्ष भाड्याने आणावं. कार्यक्रमाचे पैसे सांगताना भाडं, गाडी आणि जेवण धरूनच आकडा सांगावा, आणि निम्मे पैसे आगाऊ घ्यावेत. 'घरचंच कार्य आहे' म्हणणारे पाहुणे सगळ्यांत उशिरा देतात.

चौथं, लेखी ठेवायचं. मित्र आहेत म्हणून लाजायचं नाही. कुणाचा वाटा किती, वाद्य कुणाच्या मालकीचं, एखादा सोडून गेला तर बँडचं नाव कुणाकडे, हे साध्या कागदावर लिहून सगळ्यांनी सह्या कराव्यात. मन्रो गेला तरी रनरिग उभा राहिला. आपल्या मुलांचा बँड एकाच्या रुसव्याने मोडू नये.

पाचवं, गाण्याचा हक्क. जुना गोंधळ किंवा ओवी कुणा एकाची नसते, पण आपल्या मुलाने स्वतः चाल लावली, शब्द रचले, तर ते त्याचे. 2012 साली कायद्यात दुरुस्ती झाली, त्यामुळे सिनेमा आणि ध्वनिमुद्रणांसाठी लिहिलेल्या-रचलेल्या गाण्यांच्या मानधनातला गीतकार-संगीतकारांचा वाटा त्यांच्याकडून लिहून घेता येत नाही. 'इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी' ही संस्था 1969 पासून असे पैसे गोळा करून देते. त्याने सभासदत्वाची माहिती काढावी. कुणी कागद पुढे केला तर वाचल्याशिवाय सही करू नये. ह्या एका गोष्टीने किती शाहिरांची म्हातारपणं वाचली असती!

सहावं, पावसाळा शिकण्यात घालवायचा. फडातली जुनी ढोलकीवाली माणसं त्या चार महिन्यांत घरी असतात. त्यांच्याकडे जाऊन बसावं, योग्य गुरुदक्षिणा देऊन शिकावं. मुंबई विद्यापीठात लोककला अकादमी आहे, तिथे रीतसर शिक्षण मिळतं. शिकवण्या घ्याव्यात, ध्वनिमुद्रणं करावीत. मग ते चार महिने रिकामे राहत नाहीत. शाहीर विठ्ठल उमप आपली लोकगीतं घेऊन 1983 साली थेट आयर्लंडच्या कॉर्क गावी आंतरराष्ट्रीय लोकमहोत्सवाला गेले होते. केल्टिक गाणं म्हणणाऱ्यांच्या अंगणात! ते तिथे पोचले ते पक्क्या तालमीवर.

राहिली गोष्ट धाकटीच्या लग्नाची. ताई, पाहुण्यांना सांगताना मान खाली घालू नका. 'मुलगा ढोलकी वाजवतो' असं चाचरत म्हणाल तर ते कमीच लेखतील. 'मुलगा बी.कॉम. आहे, लोकसंगीताचा व्यवसाय करतो, हिशेब चोख आहे' असं म्हणा. जे घर त्यावरून सोयरीक मोडेल त्या घरात लेक सुखी राहिली असती का, हाही विचार करा. आणि मुलाच्या वडिलांना एकदा त्याचा कार्यक्रम बघायला घेऊन जा. मागच्या रांगेत बसवा हवं तर! ज्यांनी ऐकलेलंच नाही त्यांनी 'नको' म्हणण्यात काय अर्थ आहे?

बाकी मैत्रिणींनाही एक सांगणं आहे. घरच्या कार्याला गोंधळी, वासुदेव, बँडवाले, लावणीच्या कलावंत कुणालाही बोलवाल, तेव्हा ठरलेले पैसे कार्य संपल्याबरोबर हातात द्या. पंगत उठल्यावर उरलंसुरलं वाढू नका, पानं आधी मांडा. बरोबर बायका असतील तर कपडे बदलायला कडी लागणारी खोली द्या आणि रात्री उशीर झाला तर परतीच्या गाडीची चौकशी करा. ह्यात आपलं फारसं काही जात नाही. आणि आपल्यापैकी कुणाचा लेक उद्या दुसऱ्याच्या मांडवात वाजवायला गेला, तर त्याला तिथे असंच वागवलं जावं असं आपल्यालाही वाटेलच की!

ताई, मुलाचं उत्तर काय आलं ते जरूर कळवा. त्याने हिशेबाचा कागद केला तर तोही पाठवा, नाव न देता इतरांच्या उपयोगासाठी छापू.

पुढच्या अंकात पावसाळ्यात कडधान्यांना लागणाऱ्या किडीबद्दलच्या पत्रांना उत्तरं देईन. बरीच साठली आहेत.